अण्णांना ऐकू आलेली थरथर

ज्या अल्बमला मी आठवडाभर नावं ठेवली त्यानेच आमच्या घरावर उपकार केले, हे कबूल करायला मला बरेच महिने लागले. चूक कबूल करायची मला सवय नाही. अंबडच्या एका कारखान्यात मी क्वालिटीला आहे. सत्तावीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका शोधून त्यांवर लाल शिक्का मारण्याचा पगार घेतोय. अशा माणसाला घरात सगळे वचकून असतात, असं मला वाटायचं. बायकोच्या मते सगळे कंटाळलेले असतात.

अल्बम होता एका इंग्रज वादकाचा. प्रोग्रेसिव्ह रॉक नावाचा जो प्रकार आहे, त्यातला हा माणूस. या प्रकारात गाणं पंधरा-पंधरा मिनिटं चालतं, मध्येच ताल बदलतो, सातात चाललेलं अकरात जातं आणि ऐकणाऱ्याला ते कळलं की त्याची मान जरा ताठ होते. माझी मान कॉलेजपासून ताठ आहे. या वादकाचं काहीही नवं आलं की मी पहिल्याच दिवशी ऐकणार आणि आमच्या सात-आठ जणांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर त्याच दिवशी निकाल देणार, असा शिरस्ता. आणि या वेळी या गृहस्थाने केलं काय, तर चार-चार मिनिटांची गाणी! सरळ ताल. गुणगुणता येईल अशी चाल. एका गाण्यावर तर चक्क नाचता आलं असतं. ग्रुपवर सुतक पसरलं. मी लिहिलं, "म्हातारपणी लोक साखर सोडतात, याने खायला सुरुवात केली." त्याला भरपूर अंगठे आले आणि मी खूश झालो.

आता अण्णांबद्दल सांगायला हवं. अण्णा म्हणजे माझे वडील, वय एक्क्याऐंशी. आमचं घराणं पंचवटीतलं, यात्रेकरूंचं पौरोहित्य करणारं. पण अण्णांनी यजमान फारसे सांभाळले नाहीत. ते वेदपठण शिकवायचे, म्हणजे संथा द्यायचे. संथेत समोर पुस्तक नसतं. गुरू एकदा म्हणतो, शिष्य दोनदा म्हणतो आणि गुरू ऐकतो. दीर्घाचा ऱ्हस्व झाला, वर जायचा स्वर सपाट गेला, की तिथेच थांबवतो आणि पुन्हा पहिल्यापासून. सगळं काम कानाचं. आम्ही आता हिरावाडीत फ्लॅटमध्ये राहतो. तिथे पुढच्या खोलीत रोज सकाळी सहाला पाच जण यायचे. सगळे चाळिशी-पन्नाशीचे, स्वतः पौरोहित्य करणारे. गंगेवर, म्हणजे नदीच्या घाटावर, आपापल्या कामाला जाण्याआधी ते आपलं पठण अण्णांकडून तपासून घ्यायचे.

माझ्या गाण्यांना अण्णांनी कधी विरोध केला नाही. अकरावीत असताना मी मेन रोडवरून तसलीच एक कॅसेट आणून लावली, तेव्हा आई आतून म्हणाली, "बंद कर तो गोंगाट." अण्णा मात्र मांडीवर बोटं मोजत बसले होते. गाणं संपल्यावर म्हणाले, "सातचा आहे. मोजण्यात चुकत नाहीत ही माणसं." पुढची पस्तीस वर्षं मी त्या एका वाक्यावर काढली.

गेल्या पावसाळ्यात अण्णांचे कान गेले. अचानक नाही, दोन वर्षं टीव्हीचा आवाज चढतच होता. पण एका सकाळी संथा चालू असताना एकाने दीर्घ स्वर ऱ्हस्व म्हटला. बाकीचे चौघे थांबले. अण्णा थांबले नाहीत. मी चहाचा कप घेऊन दारात उभा होतो. पठण तसंच पुढे गेलं. दुसऱ्या दिवसापासून ते पाच जण एकमेकांच्या चुका डोळ्यांनीच सांगायला लागले, गुपचूप, अण्णांचा मान राखून. अण्णांचे कान गेले होते, डोळे शाबूत होते. आठवड्याच्या आत त्यांनी ते ओळखलं.

"मला चूक ऐकू येत नसेल तर मी तिथे बसून काय करू?" ते जेवताना म्हणाले. "दिवाळीपर्यंत बघतो. नाहीतर संथा बंद. त्या पाचांनाही सांगितलंय."

आवाजात तक्रार नव्हती, म्हणून मला जास्तच भीती वाटली. आई गेल्यानंतर हा माणूस दर सकाळी उठतो तो त्या एका तासासाठी, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. तो तास गेला तर उठून करणार काय?

आम्ही कानाचं मशीन घेतलं, दोन्ही कानांना. त्याने बोलणं ऐकू यायला लागलं. दारावरची बेल, कुकरची शिट्टी, माझ्या बायकोने मला घातलेल्या शिव्या, सगळं. पण संथेच्या वेळी अण्णा मशीन काढून डबीत ठेवत. "हे स्वर हलवतं," म्हणत. मी म्हणायचो, "अण्णा, सवय करा. चष्म्याचीसुद्धा करावी लागते." कॉलेज रोडच्या क्लिनिकमध्ये तीन वेळा गेलो. तिथल्या ऑडिओलॉजिस्ट बाई अगत्याने विचारायच्या, "काका, नक्की काय त्रास होतो?" आणि उत्तर मी द्यायचो, "खरखर वाटते त्यांना. आवाज कर्कश वाटतो." अण्णा बोलायला वेळ घेतात, शब्द जुळवून मग वाक्य सोडतात, आणि मला शिफ्ट संपायच्या आत कारखान्यात परतायचं असे. बाई माझ्या उत्तराप्रमाणे मशीनचा आवाज मऊ करून द्यायच्या. घरी आलं की मशीन पुन्हा डबीत. मी बायकोला सांगायचो, हट्ट आहे, दुसरं काय.

दिवाळीला सोळा-सतरा दिवस उरले असतील. रविवार होता. पहिल्या ऐकण्यात अल्बमला नापास केलं होतं, पण क्वालिटीवाला माणूस, रिजेक्ट मालसुद्धा एकदा परत तपासतो. न्याहारी झाल्यावर मी हॉलमध्ये तो पहिल्यापासून लावला. अण्णा खिडकीजवळ पेपर वाचत होते. मशीन कानात होतं, कारण बायकोने सकाळीच दटावून घालायला लावलं होतं.

चौथ्या गाण्यात एक जागा आहे. ड्रम्स, गिटार सगळं थांबतं आणि फक्त त्याचा आवाज उरतो. खाली कीबोर्डचा एकच सूर धरलेला. तो एक शब्द घेतो आणि लांबवतो. याच जागेवरून मी ग्रुपवर त्याची टिंगल केली होती.

"हा गाणारा थरथरतोय," अण्णा पेपर खाली घेऊन म्हणाले.

मला आनंद झाला. म्हटलं, "पॉप झालाय ना तो. गळा राहिला नाही."

"तसं नाही. सूर छान लावलाय. पण लांबवला की थरथरतो. मुद्दाम करतो का?"

मी ती जागा पुन्हा लावली. मला आवाज सरळ वाटला. अण्णांना पुन्हा थरथर ऐकू आली. तिसऱ्यांदाही तेच. आता एक्क्याऐंशी वर्षांच्या, मशीन लावलेल्या माणसाशी सुरांवरून वाद घालू नये, एवढी अक्कल मला हवी होती. पण मी म्हणालो, "अण्णा, शक्यच नाही. ही फाइल लॉसलेस आहे."

"म्हणजे काय?"

मी खुर्ची ओढून त्यांच्याजवळ बसलो. हा माझा आवडता विषय, त्यावर मी कुणालाही धरून बसवतो. सांगितलं, की गाण्याची फाइल फार मोठी होते, म्हणून साधारणपणे तिच्यातला बराच आवाज काढून टाकून ती लहान करतात. लॉसलेसमध्ये काहीच काढत नाहीत. स्टुडिओत जे रेकॉर्ड झालं ते जसंच्या तसं आपल्यापर्यंत येतं.

"आणि एरवी काय काढायचं ते कोण ठरवतं?"

"कॉम्प्युटर. माणसाला जे ऐकू येणार नाही असं वाटतं, तेवढं काढतो."

"कुठल्या माणसाला?"

मी उगाच फोन चाळायला लागलो. अण्णा म्हणाले, "आमच्या पठणात शब्द पुढून म्हणतात, मागून म्हणतात, जोड्या फिरवून म्हणतात. एवढा खटाटोप कशासाठी? काय गळलं तर चालेल हे ठरवायला कुणाला बसवायला लागू नये म्हणून." आणि पुन्हा पेपरात डोकं घातलं.

मला ते झोंबलं. थरथर आहे असं अण्णा म्हणतात, तर ती कुठूनतरी येत असणार. सूर ओळखण्यात त्यांनी आयुष्यात चूक केलेली मी पाहिली नव्हती. मग मी फाइलवर संशय घेतला. फोन हातात घेऊन एकेक सेटिंग तपासायला लागलो, आणि दहा मिनिटांत सापडलं. फाइल लॉसलेस होती, ॲप लॉसलेस होतं, पण फोनपासून स्पीकरपर्यंत आवाज जात होता ब्लूटूथवरून. ब्लूटूथवर जाताना तो पुन्हा लहान केला जातो. हे जगातल्या प्रत्येक शौकिनाला माहीत असतं. मलाही माहीत होतं. फक्त आपण स्वतः ब्लूटूथवर ऐकतोय, हे मी नवा स्पीकर घेतल्यापासून पाच महिने सोयीस्कर विसरलो होतो.

बायकोला सांगितलं तेव्हा ती भाजी निवडत होती. हातातली मेथी खाली ठेवून ती हसली. "म्हणजे पाच महिने तुम्ही आम्हाला 'ऐक, त्याचा श्वाससुद्धा ऐकू येतो' म्हणून धरून बसवत होतात, तो श्वास कुणाचा होता?"

मी स्टूल घेऊन माळ्यावर चढलो. तिथे माझे जुने लाकडी स्पीकर होते आणि ॲम्प्लिफायर होता. नव्या स्पीकरच्या मोहात मीच ते वर टाकले होते. ते उतरवले, धूळ पुसली, वायरी जोडल्या, फोनमधल्या आकड्यांचं आवाजात रूपांतर करणारी एक छोटी डबी कपाटातून शोधून काढली. जेवणं झाली. दुपारी अडीचच्या सुमारास सगळं तयार झालं. आता मधे काही गळण्यासारखं उरलं नव्हतं.

खरं सांगतो, ती चार मिनिटं मी कधी विसरणार नाही. तेच गाणं, पण त्या जागेवर तो गाण्याआधी ओठ उघडतो तेसुद्धा कळलं. सूर लागला आणि खोलीच्या मधोमध उभा राहिला, सरळ. ज्याला मी सोपं म्हणून हसलो होतो, त्यात लपायला कुठे जागाच नव्हती. पंधरा मिनिटांच्या गाण्यात याने किती वेळा किती काय झाकलं असेल आणि मी ते किती कौतुकाने ऐकलं असेल, असा विचार मनात आला. मला तो अल्बम आवडला. बायको दारात उभी होती, तिला विचारलं, "थरथर आहे?" ती म्हणाली, "छे, मस्त सरळ आहे."

मी विजयी मुद्रेने अण्णांकडे पाहिलं.

"थरथरतोय," अण्णा म्हणाले. "पूर्वीपेक्षा स्पष्ट ऐकू येतंय. तरी थरथरतोय."

मग मी त्याच वादकाचा एक जुना अल्बम लावून पाहिला, भरगच्च वाजणारा. अण्णा दोन मिनिटं ऐकून म्हणाले, "यात मला काही सांगता येणार नाही. गर्दी आहे. ते आधीचंच लाव."

आता संशय घेण्यासारखं एकच उरलं होतं, आणि तरी माझ्या डोक्यात उजेड पडायला वेळ लागला. बायकोच्या आधी पडला. ती म्हणाली, "अहो, त्यांच्या कानातलं काढून तुमचा हेडफोन लावून बघा ना."

अण्णांनी मशीन काढून मांडीवर ठेवलं. मी माझा मोठा, वायरचा हेडफोन त्यांच्या कानांवर बसवला आणि आवाज एवढा चढवला की मला बाहेर शब्दन्‌शब्द कळत होता. ती जागा आली. अण्णांनी डोळे मिटले. सूर लांबत गेला, संपला, आणि ते डोळे न उघडताच म्हणाले, "आता सरळ आहे."

मी गाणं बंद केलं. चार महिने हा माणूस मला सांगत होता, 'हे स्वर हलवतं.' नेमके, मोजके शब्द. मी त्यांची खरखर केली, कर्कश केलं, हट्ट केला. लहान करून बाईंना कळवलं. कारखान्यात कुणी माझ्या रिपोर्टशी असा खेळ केला असता तर मी त्याला घरी पाठवलं असतं. मला फार लाज वाटली. मी अण्णांना तसं सांगितलंही. हेडफोन अजून त्यांच्या कानांवर होता, त्यामुळे त्यांना काही ऐकू गेलं नाही. तो काढून मशीन घातल्यावर पुन्हा सांगितलं.

"असू दे," ते म्हणाले. "उद्या जाऊ. पण बोलेन मी."

सोमवारी मी अर्धी रजा टाकली. क्लिनिकमध्ये बाईंनी नेहमीप्रमाणे विचारलं, "काका, काय त्रास होतो?" मी ओठ घट्ट मिटून कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसलो. अण्णांनी पुरेसा वेळ घेतला. भिंतीवरच्या घड्याळाकडे मी बघणार नाही असं ठरवलं होतं, तरी दोनदा बघितलं.

"बोलणं उत्तम ऐकू येतं," अण्णा म्हणाले. "पण एकच सूर लांबवला, की तो हलायला लागतो. गाण्यात, पठणात, दोन्हींत. छोट्या अक्षरांना होत नाही. लांबवलेल्यालाच होतं."

बाई खुर्चीत पुढे सरकल्या. "हे तुम्ही मला आधी का नाही सांगितलं?"

अण्णांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. हा त्यांचा मोठेपणा. मीच म्हणालो, "मॅडम, सांगत होते. मी मधे होतो."

मग बाईंनी समजावलं. कानाच्या मशीनने शिट्टी मारू नये म्हणून त्यात एक सोय असते. लांब, एकसारखा सूर आला की मशीनला वाटतं ही आपलीच शिट्टी सुरू झाली, आणि ते ती मोडायला जातं. बोलण्यात असा सूर येत नाही, म्हणून बहुतेकांना हा त्रास जाणवत नाही. गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांना जाणवतो. त्यासाठी वेगळी मांडणी करून देता येते, त्यात ती सोय अगदी कमी ठेवतात. पठण करणाऱ्या माणसाच्या बाबतीत हे त्यांच्याही लक्षात यायला हवं होतं, असं त्या मोकळेपणाने म्हणाल्या. मशीन कॉम्प्युटरला जोडून त्यांनी अर्धा तास काम केलं आणि अण्णांना बटण दाखवलं. एकदा दाबलं की बोलण्यासाठी, दुसऱ्यांदा दाबलं की सुरांसाठी.

मी वायर घेऊनच गेलो होतो. बाईंच्या टेबलावरच्या स्पीकरला फोन जोडला आणि ते चौथं गाणं लावलं. सूर लांबला.

"सरळ," अण्णा म्हणाले. मग जरा थांबून, "पण हे त्या इंग्रजाचं झालं. आपलं बघायला हवं. तू म्हण."

"मी?"

"इथे दुसरं कोण आहे म्हणणारं?"

चौदाव्या वर्षापर्यंत मीही त्यांच्यासमोर बसून संथा घेतली होती. मग नववीचा अभ्यास, मग डिप्लोमा, मग नोकरी. सोडतो म्हणालो तेव्हा ते एवढंच म्हणाले होते, बरं. त्यानंतर त्यांनी तो विषय काढला नाही आणि मीही नाही. सदतीस वर्षं झाली. मला त्यातलं काही येईल असं वाटत नव्हतं. पण बाई बघत होत्या, अण्णा वाट बघत होते. मी घसा साफ केला, पाठ सरळ केली आणि जे पहिलं आठवलं ते सुरू केलं. माझं मलाच आश्चर्य वाटलं, शब्द येत होते. एक आला, दुसरा आला, तिसरा आला.

"थांब," अण्णा म्हणाले. "दीर्घ आहे ते. पुन्हा."

मी पुन्हा सुरुवात केली. तिसऱ्या शब्दाला त्यांनी पुन्हा थांबवलं. "आता दीर्घ बरोबर. पण स्वर खाली पडला. पुन्हा."

लाल शिक्का मारणारा मी, आयुष्यात कुणी माझी चूक काढली म्हणून एवढा सुखावलो नव्हतो. तिसऱ्यांदा म्हणताना माझा स्वर खरोखरच थरथरला. अण्णांनी बाईंकडे वळून सांगितलं, "हा मशीनचा दोष नाही. हा त्याचा आहे." बाई हसल्या, डोळे पुसत.

जिना उतरताना अण्णांनी फोन मागितला. त्यांच्या पाच शिष्यांपैकी सगळ्यांत ज्येष्ठाला फोन लावून दिला. "उद्या सहाला या. सगळ्यांना सांगा. दिवाळीचं मी काही बोललो होतो ते विसरा. आणि चुका एकमेकांना डोळ्यांनी सांगत बसू नका, मी सांगेन." फोन माझ्या हातात परत देत, कठड्याला धरून खालच्या पायरीवर उतरता उतरता मला म्हणाले, "तूही बस उद्यापासून. तिसऱ्या शब्दापासून सगळंच बिघडलंय."